धूमकेतूच्या सोबतीने दोन वर्षे: रोझेटा मोहिमेविषयी वारंवार विचारले जाणारे प्रश्न

धूमकेतूकडे यान पाठवण्याचा विषय निघाला की बहुतेकांना १२ नोव्हेंबर २०१४ ची रात्र आठवते. त्या रात्री फिली नावाचा छोटा लँडर एका धूमकेतूवर उतरला, उसळला आणि एका कड्याच्या सावलीत जाऊन अडकला. ती घटना चित्तथरारक होती यात शंका नाही; परंतु त्या लँडरला घेऊन गेलेले रोझेटा हे यान त्यानंतरही जवळजवळ दोन वर्षे धूमकेतूच्या सोबत राहिले, आणि आज आपल्याला त्या धूमकेतूविषयी जे कळले आहे त्यातील फार मोठा भाग या सोबतीतून आलेला आहे. पुढील उत्तरांमध्ये म्हणूनच उतरण्याइतकेच महत्त्व सोबत राहण्याला दिले आहे.

रोझेटा ही मोहीम नेमकी काय होती?

युरोपीय अवकाश संस्थेची ही मोहीम. तिला १९९३ मध्ये मंजुरी मिळाली, २ मार्च २००४ रोजी फ्रेंच गयानातील कुरू येथून आरियान-५ या प्रक्षेपकाने यानाने उड्डाण केले, ६ ऑगस्ट २०१४ रोजी ते ६७पी/चुर्युमोव–गेरासिमेंको या धूमकेतूपाशी पोहोचले आणि ३० सप्टेंबर २०१६ रोजी त्याच धूमकेतूवर अलगद टेकवून मोहीम संपवण्यात आली. धूमकेतूच्या केंद्रकाभोवती, म्हणजे त्याच्या मधल्या घन गाभ्याभोवती, फिरणारे हे पहिले यान, आणि केंद्रकावर यंत्र उतरवण्याचा मानही याच मोहिमेचा.

यानाचा मुख्य भाग एखाद्या मोठ्या कपाटाएवढा, म्हणजे सुमारे २.८ × २.१ × २ मीटरचा होता. मात्र त्याला जोडलेली सौर पॅनेले उघडली की एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंतचे अंतर ३२ मीटर भरत असे. उड्डाणाच्या वेळी यानाचे वस्तुमान सुमारे तीन टन होते व त्यातील निम्म्याहून अधिक वाटा इंधनाचा होता. यानावर ११ आणि सुमारे १०० किलोग्रॅमच्या फिलीवर १० वैज्ञानिक उपकरणे होती.

रोझेटा आणि फिली ही नावे कशी आली?

दोन्ही नावे ईजिप्तमधील आहेत. एकच मजकूर तीन लिप्यांमध्ये कोरलेल्या रोझेटा शिलालेखामुळे प्राचीन चित्रलिपीचा उलगडा झाला, आणि नाईल नदीतील फिली बेटावर सापडलेल्या एका स्तंभावरील लेखाने त्या कामात मदत केली. सूर्यमालेच्या बालपणाची लिपी धूमकेतूंच्या आधारे वाचता येईल, अशी आशा या नावांमागे होती. धूमकेतूवरील प्रदेशांनाही पुढे हापी, सेठ, मात, इम्होटेप अशी ईजिप्शियन नावेच देण्यात आली.

हा धूमकेतू कोणी शोधला?

स्वेतलाना गेरासिमेंको यांनी सप्टेंबर १९६९ मध्ये अल्मा-आता येथील वेधशाळेतून कोमास सोला नावाच्या दुसऱ्याच एका धूमकेतूची छायाचित्रे घेतली होती. क्लिम चुर्युमोव त्या काचपट्ट्या तपासत असताना एका पट्टीच्या कडेजवळ त्यांना धूमकेतूसारखा ठिपका दिसला व तो कोमास सोलाच असावा असे त्यांनी आधी गृहीत धरले. कीव्हला परतल्यावर बारकाईने मोजमाप केले तेव्हा त्या ठिपक्याची जागा अपेक्षेपेक्षा जवळजवळ दोन अंशांनी सरकलेली आढळली, आणि हा धूमकेतू नवा असल्याचे निश्चित झाले.

तो त्याआधी कोणाला दिसला नव्हता, यालाही कारण आहे. १९५९ मध्ये हा धूमकेतू गुरू ग्रहाजवळून गेला आणि गुरूच्या ओढीने त्याची कक्षा बदलली. पूर्वी तो सूर्यापासून सुमारे ४० कोटी किलोमीटरच्या आत येत नसे. त्या भेटीनंतर तो सुमारे १९ कोटी किलोमीटरपर्यंत येऊ लागला, अधिक तापू लागला आणि म्हणून अधिक उजळू लागला. आपल्याकडे ज्याला शेंडेनक्षत्र म्हणतात, तो शेंडा या धूमकेतूला ठसठशीतपणे फुटू लागून त्याच्या शोधाच्या वेळी अवघी दहा वर्षे झाली होती.

धूमकेतूंकडे आधीही याने गेली होती. मग या मोहिमेचे वेगळेपण काय?

आधीची याने धूमकेतूच्या शेजारून निघून गेली. १९८६ मध्ये हॅलीचा धूमकेतू आला तेव्हा सोव्हिएत संघाची वेगा-१ व वेगा-२, जपानची साकिगाके व सुइसेई आणि युरोपचे ज्योत्तो ही याने त्याच्या भेटीला गेली. ज्योत्तो १४ मार्चच्या सुमारास केंद्रकापासून सुमारे ६०० किलोमीटरवरून गेले, आणि धूमकेतूचे केंद्रक कोळशाहून काळे असते हे त्याच्या छायाचित्रांतून स्पष्ट झाले. पुढे अमेरिकेच्या स्टारडस्ट यानाने जानेवारी २००४ मध्ये वाइल्ड-२ धूमकेतूच्या आवरणातील धूळ एरोजेल नावाच्या अतिशय हलक्या पदार्थात पकडली व ती कुपी जानेवारी २००६ मध्ये युटाच्या वाळवंटात उतरवली. जुलै २००५ मध्ये डीप इम्पॅक्टने टेम्पेल-१ वर सुमारे ३७० किलोग्रॅमचा गोळा आदळवून आतील पदार्थ बाहेर काढला.

या सर्व मोहिमा मोलाच्या होत्या. परंतु सेकंदाला कित्येक किलोमीटर वेगाने शेजारून जाणाऱ्या यानाला धूमकेतूची एकच अवस्था दिसते, आणि धूमकेतू हा तर सतत बदलणारा पदार्थ आहे: सूर्यापासून दूर असताना थंड व निपचित, जवळ येताना वायू आणि धूळ ओकणारा, पुन्हा दूर जाताना हळूहळू शांत होणारा. हे सारे स्थित्यंतर पाहायचे तर त्याच्याबरोबरच चालावे लागते. धावत्या गाडीतून दिसलेले शेत आणि पेरणीपासून कापणीपर्यंत राखलेले शेत यांत जो फरक आहे, तोच येथेही आहे.

रोझेटाची मूळ कल्पना यापेक्षाही धाडसी होती. धूमकेतूचा नमुना पृथ्वीवर आणण्याचा विचार अमेरिकेच्या नासासोबत सुरू होता. मात्र अमेरिकेने १९९२ मध्ये आपली धूमकेतू मोहीम रद्द केल्यावर युरोपने नमुना आणण्याऐवजी प्रयोगशाळाच धूमकेतूपाशी नेण्याचे ठरवले.

हाच धूमकेतू का निवडला?

तो मुळात निवडलेला नव्हता. यान ४६पी/विर्टानेन या धूमकेतूकडे जानेवारी २००३ मध्ये निघणार होते, पण डिसेंबर २००२ मध्ये आरियान-५ च्या एका नव्या आवृत्तीचे उड्डाण अयशस्वी झाल्याने प्रक्षेपण थांबवावे लागले, आणि तोवर विर्टानेन गाठण्याची वेळ टळून गेली. नव्याने आकडेमोड करून ६७पी निवडला गेला. तो अधिक मोठा असल्याने त्याची ओढ जास्त, म्हणजे फिली अधिक वेगाने जमिनीला टेकणार, हे लक्षात घेऊन लँडरच्या पायांत बदल करण्यात आले.

पोहोचायला दहा वर्षे का लागली?

कारण पोहोचणे म्हणजे धूमकेतूच्या ठिकाणी जाणे एवढेच नव्हे. त्याच्याच कक्षेत, त्याच्याच दिशेने आणि त्याच्याच वेगाने जाणे होय. इतका वेग यानाला थेट देऊ शकेल असा प्रक्षेपक उपलब्ध नव्हता. म्हणून ग्रहांच्या गुरुत्वाकर्षणाचा उपयोग करून घेण्यात आला. ग्रहाच्या पाठीमागून योग्य अंतरावरून गेलेल्या यानाला त्या ग्रहाच्या गतीतील अत्यल्प वाटा मिळतो. ग्रहाला तो जाणवतही नाही, पण यानाची कक्षा मात्र पार बदलून जाते. रोझेटा मार्च २००५, नोव्हेंबर २००७ आणि नोव्हेंबर २००९ अशी तीनदा पृथ्वीजवळून, आणि फेब्रुवारी २००७ मध्ये एकदा मंगळाजवळून गेले.

मंगळाची भेट सर्वांत जोखमीची होती. यान पृष्ठभागापासून अवघ्या २५० किलोमीटरवरून गेले आणि त्या दरम्यान सुमारे २४ मिनिटे मंगळाच्या सावलीत राहिले. सौर ऊर्जेवर चालणाऱ्या यानाची अशा अंधारासाठी आखणीच केलेली नव्हती, कारण मूळ मार्गात ही सावली नव्हतीच. तो काळ बॅटरीवर काढावा लागला. नोव्हेंबर २००७ मध्ये वेगळाच प्रकार घडला. पृथ्वीकडे परतणारे हे यान आकाशाचा शोध घेणाऱ्या खगोलशास्त्रज्ञांना नवा लघुग्रह वाटले, आणि २००७ व्हीएन८४ असे नाव देऊन त्याची नोंदही झाली. ती काही काळातच मागे घेण्यात आली.

वाटेत दोन खरे लघुग्रहही भेटले. सप्टेंबर २००८ मध्ये सुमारे पाच किलोमीटरचा, पैलू पाडलेल्या हिऱ्यासारखा श्टाइन्स, आणि जुलै २०१० मध्ये शंभर किलोमीटरहून मोठा ल्युटेशिया.

यानाला अडीच वर्षे झोपवले होते, हे खरे आहे का?

होय. ८ जून २०११ पासून २० जानेवारी २०१४ पर्यंत, म्हणजे ३१ महिने, यानाशी कोणताही संपर्क नव्हता.

त्याचे कारण ऊर्जेचे आहे. गुरूच्या कक्षेइतक्या दूरच्या मोहिमांसाठी तोवर किरणोत्सर्गी इंधनावर चालणारे वीजस्रोत वापरले जात. रोझेटा हे केवळ सौर ऊर्जेवर इतक्या लांब गेलेले पहिले यान होते. सूर्यापासून सुमारे ८० कोटी किलोमीटरवर सूर्यप्रकाश पृथ्वीच्या तुलनेत चार टक्क्यांहूनही कमी मिळतो, आणि ६४ चौरस मीटर पॅनेलांतून तेथे जेमतेम ४०० वॅट वीज निर्माण होत होती. एवढ्यात सर्व यंत्रणा चालू ठेवणे शक्य नव्हते. म्हणून यानाला स्थिरतेसाठी स्वतःभोवती मिनिटाला एक फेरी या गतीने फिरत ठेवले गेले, आणि संगणक, घड्याळे व गोठण्यापासून वाचवणारे हीटर वगळता जवळजवळ सर्व काही बंद करण्यात आले.

२० जानेवारीला यानाच्या आतील गजर वाजला. त्याने स्वतःला गरम केले, फिरणे थांबवले, ताऱ्यांच्या आधारे आपली दिशा ओळखली, अँटेना पृथ्वीकडे वळवली आणि संदेश सोडला. जर्मनीतील डार्मश्टाट येथील नियंत्रण कक्षात अपेक्षित वेळ उलटून गेली तरी पडद्यावर काही दिसत नव्हते. अखेर भारतीय वेळेनुसार रात्री ११ वाजून ४८ मिनिटांनी एक बारीक रेघ वर उठली. दहा वर्षांच्या कामाचे भवितव्य त्या रेघेवर अवलंबून होते.

इतक्या क्षीण गुरुत्वाकर्षणात यान धूमकेतूभोवती कसे फिरले?

मे ते ऑगस्ट २०१४ या काळात यानाने दहा वेळा इंजिने चालवून धूमकेतूच्या तुलनेतील आपला वेग सेकंदाला सुमारे ७७५ मीटरवरून सुमारे एक मीटरवर आणला, म्हणजे माणसाच्या चालण्याइतका. या धूमकेतूचे वस्तुमान सुमारे १,००० कोटी टन आहे. आकडा मोठा वाटतो, पण एखाद्या खगोलीय वस्तूसाठी तो नगण्य आहे. तेथे उभा राहून कोणी जोरात उडी मारली, तर तो माणूस परत खाली येणार नाही.

त्यामुळे सुरुवातीला यान प्रदक्षिणा घालत नव्हते. १०० किलोमीटर अंतरावरून ते धूमकेतूसमोर त्रिकोणी मार्गाने फिरत राहिले, आणि प्रत्येक कोपऱ्यावर इंजिन चालवून वळत राहिले. या हालचालींवर धूमकेतूच्या ओढीचा जो सूक्ष्म परिणाम झाला त्यावरून त्याचे वस्तुमान काढण्यात आले, आणि ते कळल्यानंतरच ३०, २० व शेवटी १० किलोमीटरच्या खऱ्या प्रदक्षिणा आखता आल्या. ज्याचे वजन, आकार आणि फिरण्याचा अक्ष यांपैकी काहीच आधी नीट माहीत नाही अशा वस्तूभोवती फिरायचे, आणि फिरता फिरताच ते सर्व शिकायचे, हे या मोहिमेतील अतिशय अवघड काम होते व त्याची चर्चा फार कमी झाली.

धूमकेतू जवळून कसा दिसला?

कोणी कल्पना केली नव्हती असा. साधारण बटाट्याच्या आकाराची अपेक्षा असताना, मानेने जोडलेले दोन तुकडे समोर आले. बरेच लोक त्याची तुलना पाण्यात खेळायच्या रबरी बदकाशी करतात. मोठा तुकडा सुमारे ४.१ किलोमीटर लांब, लहान सुमारे २.६ किलोमीटर. हा आकार झिजून झाला की दोन वस्तू एकत्र येऊन, हा वाद वर्षभर चालला. कड्यांमध्ये उघड्या पडलेल्या थरांचा अभ्यास केला तेव्हा दोन्ही तुकड्यांचे थर स्वतंत्रपणे, कांद्याच्या पापुद्र्यांसारखे, आपापल्या केंद्राभोवती असल्याचे आढळले. दोन वेगळ्या वस्तू अत्यंत मंद गतीने एकमेकींना येऊन चिकटल्या, हा निष्कर्ष त्यावरून निघतो.

त्याची घनता पाण्याच्या जवळजवळ निम्मी आहे, म्हणजे पुरेसा मोठा समुद्र मिळाला तर हा धूमकेतू त्यावर तरंगेल. आत ७० ते ८० टक्के पोकळी आहे. मात्र ती मोठ्या गुहांची नसून सर्वत्र विखुरलेल्या बारीक सच्छिद्रतेची आहे. पृष्ठभाग त्याच्यावर पडणाऱ्या प्रकाशापैकी जेमतेम सहा टक्के परावर्तित करतो. जुलै २०१४ मध्ये त्याचे सरासरी तापमान उणे ७० अंश सेल्सिअस मोजले गेले. ऐकायला हे फार थंड वाटते, परंतु उघडा बर्फ असता तर ते याहून कमी असते. बर्फावर काळ्या धुळीचे पांघरूण आहे हे तेव्हाच कळले.

फिली उतरताना नेमके काय झाले?

उतरण्याच्या जागेला अगिल्किया असे नाव दिले होते. धरणाच्या पाण्यामुळे फिली बेटावरील मंदिरे ज्या बेटावर हलवण्यात आली, त्याचे हे नाव. १२ नोव्हेंबर २०१४ रोजी सुमारे साडेबावीस किलोमीटर उंचीवर लँडर यानापासून वेगळा झाला आणि सात तास नुसता खाली पडत राहिला. त्या वेळी धूमकेतू पृथ्वीपासून सुमारे ५१ कोटी किलोमीटरवर होता. संदेश यायला २८ मिनिटांहून अधिक लागत होते, म्हणजे दूरवरून काही दुरुस्त करण्याची शक्यताच नव्हती.

लँडरला जमिनीवर धरून ठेवण्यासाठी तीन उपाय योजलेले होते: वरून दाबणारा वायूचा झोत, जमिनीत घुसणारे दोन हारपून आणि पायांतील स्क्रू. वायूचा झोत काम करणार नाही हे वेगळे होण्याआधीच कळले होते, तरीही पुढे जाण्याचा निर्णय घेण्यात आला. भारतीय वेळेनुसार रात्री ९ वाजून ३३ मिनिटांनी स्पर्श झाल्याचा संदेश आला आणि नियंत्रण कक्षात जल्लोष झाला. पण हारपून सुटलेच नव्हते. पृथ्वीवर १०० किलोग्रॅम भरणाऱ्या या लँडरचे धूमकेतूवरील वजन पृथ्वीवरील एक ग्रॅमच्या वजनाइतके होते. तो उसळला आणि जवळजवळ एक किलोमीटर उंच जाऊन, सुमारे दोन तासांनी, दूरवर पुन्हा पडला. आणखी एक लहान उसळी घेऊन तो एका कड्याच्या आडोशाला, तिरपा होऊन थांबला. या जागेला पुढे अबायडॉस म्हटले गेले. तेथे धूमकेतूच्या १२.४ तासांच्या दिवसात केवळ दीड तास ऊन मिळत होते, आणि त्यावर बॅटरी भरणे अशक्य होते.

मग फिली अयशस्वी ठरला, असे म्हणावे का?

तसे म्हणणे अन्यायाचे होईल. मुख्य बॅटरीवर चाललेल्या सुमारे अडीच दिवसांत त्याच्या बहुतेक उपकरणांनी काम केले. पृष्ठभागाची छायाचित्रे आली. अबायडॉस येथील जमीन अपेक्षेपेक्षा खूपच कठीण असल्याचे कळले. लहान तुकड्याच्या आरपार रेडिओलहरी पाठवून त्याच्या आतील रचना तपासता आली. आणि पहिल्या स्पर्शाने उडालेल्या धुळीत १६ सेंद्रिय संयुगे सापडली, त्यातील चार त्याआधी कोणत्याही धूमकेतूवर आढळलेली नव्हती. उसळण्यामुळे एक लाभही झाला: एकाऐवजी अनेक ठिकाणी चुंबकीय मोजमाप घेता आले, व केंद्रकाला स्वतःचे चुंबकीय क्षेत्र नाही हे अधिक खात्रीने सांगता आले.

जून २०१५ मध्ये, ऊन वाढल्यावर, फिलीने पुन्हा संपर्क साधला, पण तो टिकला नाही; शेवटचा संदेश ९ जुलैला आला. तो नेमका कुठे पडला आहे हे मोहीम संपण्यास महिनाभरही उरला नसताना, २ सप्टेंबर २०१६ रोजी घेतलेल्या छायाचित्रांत दिसले. दुसऱ्यांदा तो कुठे आपटला होता ते शोधायला तर २०२० साल उजाडले. त्या ठिकाणी लँडरने खडकात जो खळगा पाडला होता त्याच्या मोजमापावरून, त्या खडकातील धूळमिश्रित बर्फ फेसाहूनही मऊ असल्याचे निघाले. एकाच धूमकेतूवर थोड्याच अंतरात इतकी कठीण आणि इतकी मऊ जमीन असावी, ही माहिती ठरल्या जागी घट्ट बसलेल्या लँडरने दिली नसती.

धूमकेतूला वास असतो का?

तेथे श्वास घेणारे कोणी नाही, पण रोसिना या उपकरणाने वायूंचे रेणू ओळखले त्यावरून अंदाज बांधता येतो. हायड्रोजन सल्फाइड म्हणजे कुजलेल्या अंड्यांचा वास, अमोनिया म्हणजे तबेल्याचा, शिवाय फॉर्माल्डिहाइड, मिथेनॉल आणि कडू बदामासारखा वास असलेले विषारी हायड्रोजन सायनाइड. प्रमाण अतिशय विरळ, तरी सुगंध नक्कीच नव्हे.

याच उपकरणाला ऑक्सिजनचे रेणूही सापडले, आणि हा या मोहिमेतील मोठा धक्का होता. ऑक्सिजन इतर पदार्थांशी चटकन संयोग पावतो, त्यामुळे साडेचार अब्ज वर्षे तो मोकळा टिकेल असे कोणाला वाटले नव्हते. धूमकेतू घडत असतानाच तो बर्फात अडकला असावा, हे आज सर्वाधिक मानले जाणारे स्पष्टीकरण आहे.

पृथ्वीवरील पाणी धूमकेतूंनी आणले का?

या प्रश्नाचे उत्तर पाण्यातील हायड्रोजनमध्ये शोधले जाते. हायड्रोजनचा ड्युटेरियम नावाचा जड भाऊ आहे, आणि पाणी कोठे व किती थंडीत तयार झाले यानुसार त्याचे प्रमाण बदलते. पृथ्वीच्या समुद्रात पाण्याच्या दर दहा हजार रेणूंमागे साधारण तीन रेणूंमध्ये ड्युटेरियम असते. ६७पी वर हे प्रमाण तिपटीहून अधिक असल्याचे डिसेंबर २०१४ मध्ये जाहीर झाले, आणि आपले समुद्र अशा धूमकेतूंनी भरले नसावेत, असा अर्थ लावला गेला.

पण येथे घाई करू नये. २०११ मध्ये हार्टली-२ या धूमकेतूच्या पाण्यात पृथ्वीसारखेच प्रमाण आढळले होते. शिवाय २०२४ मध्ये प्रसिद्ध झालेल्या फेरविश्लेषणात, रोझेटाच्या काळातील हजारो नोंदी पुन्हा तपासल्यावर, यानाजवळच्या धूलिकणांमुळे ड्युटेरियमचा आकडा फुगला असावा आणि केंद्रकापासून दूर घेतलेल्या नोंदी पृथ्वीच्या प्रमाणाच्या जवळ जातात, असे दिसून आले. प्रश्न पुन्हा खुला झाला आहे. हे फेरविश्लेषण शक्य झाले ते यान वेगवेगळ्या अंतरांवर दीर्घकाळ राहिले म्हणूनच. एका धावत्या भेटीत अशा नोंदी जमल्या नसत्या.

पाण्याबाबत अनिश्चितता असली तरी झेनॉन या निष्क्रिय वायूबाबत चित्र बरेच स्पष्ट आहे. पृथ्वीच्या वातावरणातील झेनॉनपैकी सुमारे २२ टक्के भाग धूमकेतूंकडून आला असावा, असे रोझेटाच्या मोजमापांवरून निघाले.

तेथे जीवसृष्टी सापडली का?

नाही. सापडले ते जीवसृष्टीच्या उभारणीला लागणारे साहित्य: ग्लायसिन हे सर्वांत साधे अमिनो आम्ल, आणि पेशींच्या आवरणात व डीएनएमध्ये असणारे फॉस्फरस. धुळीच्या कणांचेही वस्तुमानाने सुमारे ४५ टक्के सेंद्रिय पदार्थ निघाले. विटा आणि वाळू दिसली म्हणून घर आहे असे म्हणता येत नाही, तसेच हे आहे. पण हे साहित्य ग्रह तयार होण्याआधीपासून अवकाशात होते, ही गोष्ट स्वतःच फार मोठी आहे.

सूर्याजवळ गेल्यावर धूमकेतूचे आणि यानाचे काय झाले?

जून २०१४ मध्ये हा धूमकेतू दर सेकंदाला साधारण एक पेलाभर पाण्याची वाफ सोडत होता. १३ ऑगस्ट २०१५ रोजी तो सूर्यापासून १८.६ कोटी किलोमीटरवर, म्हणजे आपल्या कक्षेतील सर्वांत जवळच्या बिंदूवर आला, तेव्हा हे प्रमाण सेकंदाला ३०० किलोग्रॅमवर पोहोचले होते, आणि धूळ याहूनही अधिक उडत होती. कड्यांवरून फवारे उसळत होते. असवान नावाचा एक कडा जुलै २०१५ मध्ये कोसळला. आधीच्या छायाचित्रांत तेथे भेग होती आणि नंतरच्या छायाचित्रांत लख्ख पांढरा बर्फ. धूमकेतूवर दरड कोसळण्याच्या आधीची आणि नंतरची स्थिती अशी नोंदली जाण्याची ही पहिलीच वेळ होती.

यानासाठी हा काळ कठीण होता. मार्च २०१५ मध्ये धूमकेतूच्या फार जवळून जाताना, ताऱ्यांवरून दिशा ओळखणाऱ्या कॅमेऱ्यांना उन्हात चमकणारे धूलिकण ताऱ्यांसारखे वाटू लागले, यान दिशा चुकू लागले आणि त्याने स्वतःला सुरक्षित अवस्थेत नेले. त्यानंतर अंतर वाढवण्यात आले. धूमकेतू सूर्याच्या सर्वांत जवळ असताना यान ३०० किलोमीटरहून अधिक दूर होते.

"धूमकेतू गातो" अशी ध्वनिफीत ऐकली. ती खरी आहे का?

मोजमाप खरे आहे, आवाज तयार केलेला आहे. धूमकेतूभोवतीच्या चुंबकीय क्षेत्रात ४० ते ५० मिलिहर्ट्झच्या लहरी आढळल्या. माणसाला ऐकू याव्यात म्हणून त्यांची वारंवारता सुमारे दहा हजार पटींनी वाढवली गेली.

धडधाकट यान धूमकेतूवर का टेकवले?

धूमकेतू पुन्हा गुरूच्या कक्षेकडे निघाला होता, आणि दिवसेंदिवस वीज कमी पडत होती. पुन्हा झोपवण्याचा विचार झाला होता; परंतु बारा वर्षांहून जुने झालेले यान, आधीपेक्षाही दूर जाणारी कक्षा आणि घटलेले इंधन पाहता ते पुन्हा जागे होईल याची खात्री नव्हती. त्यापेक्षा शेवटचे तास उपयोगी लावावेत असे ठरले. आमच्या मते हा निर्णय योग्यच होता.

३० सप्टेंबर २०१६ रोजी यान सुमारे १९ किलोमीटर उंचीवरून १४ तास खाली येत राहिले. त्याने मात प्रदेशातील, धूळ बाहेर टाकणाऱ्या खोल खड्ड्यांची छायाचित्रे घेतली, वायू मोजले आणि शेवटचे छायाचित्र सुमारे २० मीटर उंचीवरून पाठवले. स्पर्श होताच संदेश पाठवणारी यंत्रणा आपोआप बंद होईल अशी योजना होती. भारतीय वेळेनुसार दुपारी ४ वाजून ४९ मिनिटांनी डार्मश्टाटच्या पडद्यावरील रेघ नाहीशी झाली. प्रत्यक्ष स्पर्श त्याआधी ४० मिनिटे होऊन गेला होता.

खर्च किती आला?

सुमारे १४० कोटी युरो. यात फिली, प्रक्षेपण आणि संपूर्ण काळातील संचालन आले. मंजुरीपासून शेवटपर्यंतची दोन दशकांहून अधिक वर्षे आणि असंख्य संशोधकांच्या हाती आलेली माहिती पाहता ही रक्कम अवाजवी वाटत नाही. सर्व छायाचित्रे व नोंदी संस्थेच्या संग्रहात कोणालाही विनामूल्य उपलब्ध आहेत, आणि विद्यार्थ्यांनी त्या जरूर पाहाव्यात.

यापुढे कोणती मोहीम होणार आहे?

युरोपीय व जपानी अवकाश संस्थांची कॉमेट इंटरसेप्टर ही मोहीम २०२९ च्या सुमारास निघावी अशी योजना आहे. ६७पी सारखे धूमकेतू सूर्याभोवती अनेक फेऱ्या मारून तापलेले आणि झिजलेले असतात. नव्या मोहिमेला सूर्याजवळ पहिल्यांदाच येणारा धूमकेतू हवा आहे, आणि असा धूमकेतू दिसल्यापासून यान बांधायला घेतले तर उशीर होतो. म्हणून यान आधीच पृथ्वीपासून १५ लाख किलोमीटरवरील एका स्थिर बिंदूपाशी नेऊन ठेवायचे व योग्य पाहुणा येईपर्यंत वाट पाहायची, असे ठरले आहे. ती पुन्हा धावती भेटच असेल, मात्र एकाऐवजी तीन यानांनी तीन बाजूंनी घेतलेली.

६७पी आता कुठे आहे, आणि तो आपल्याला दिसू शकतो का?

तो सुमारे साडेसहा वर्षांत सूर्याभोवती एक फेरी पूर्ण करतो. नोव्हेंबर २०२१ मध्ये तो पृथ्वीपासून सुमारे सव्वासहा कोटी किलोमीटरवर आला होता आणि मिथुन राशीच्या भागात लहान दुर्बिणीतून धूसर ठिपक्यासारखा दिसत होता. नुसत्या डोळ्यांनी तो दिसत नाही. सूर्याच्या सर्वांत जवळ तो यानंतर एप्रिल २०२८ मध्ये येईल, आणि रोझेटा व फिली दोघेही त्याच्याबरोबर असतील.